रेक्झीन का सुटते?

मोटारीच्या दाराला आतून लावलेले रेक्झीन उन्हाळ्यात फुगते, कडेने सुटते. मालक म्हणतो, "कारागिराने हात राखून काम केले." माझे वडील कुशनचे काम करतात. असे काम परत आले की दुसऱ्यांदा केलेल्या कष्टाची मजुरी मिळत नाही. म्हणून या प्रश्नाच्या मुळाशी जावेसे वाटले.

रेक्झीनचा दर्शनी थर व्हिनाइलचा, म्हणजेच पीव्हीसीचा असतो. पीव्हीसी मूळचे कडक. १९२६ साली अमेरिकेत वॉल्डो सेमन हे रसायनशास्त्रज्ञ रबर धातूला चिकटवणारा पदार्थ शोधत होते. त्या खटपटीत पीव्हीसी लवचीक करण्याची युक्ती त्यांना सापडली. शोधायला गेले गोंद आणि हाती आले ते गोंदाला दाद न देणारे व्हिनाइल!

ही युक्ती म्हणजे पीव्हीसीत तेलकट द्रव मिसळणे. त्याला प्लॅस्टिसायझर म्हणतात. मऊ व्हिनाइलमध्ये तो वजनाच्या साधारणपणे २० ते ४० टक्के असतो. मात्र तो पीव्हीसीशी रासायनिक बंधाने जोडलेला नसतो. तो हळूहळू बाहेर झिरपतो. उष्णतेने अधिक वेगाने. साध्या स्प्रेतील रबरी गोंदात तो शिरला की गोंद मऊ, चिकचिकीत होतो आणि पकड सोडतो. पहिल्या दिवशी घट्ट बसलेले रेक्झीन पुढे सुटते, ते यामुळे.

यावर उपाय आहे. प्लॅस्टिसायझरला दाद न देणारा, मऊ व्हिनाइलसाठीच बनवलेला गोंद घ्यावा. नायट्राइल रबराचे वा पॉलियुरेथेनचे गोंद या कामी टिकतात. पृष्ठभाग पुसून कोरडा करावा. दोन्ही बाजूंवर पातळ फवारा मारून, डब्यावर सांगितलेला वेळ थांबावे. घाई केल्यास द्रावक आत कोंडून फुगे येतात. आधी एक तुकडा चिकटवून काही दिवस उन्हात ठेवून पाहावा. द्रावकाची वाफ पेट घेते आणि जमिनीलगत साचते. म्हणून दारे उघडी ठेवावीत, जवळपास विडी वा स्टोव्ह नसावा.

हे सारे डब्यावर छापलेले असते, पण इंग्रजीत आणि बारीक अक्षरांत. वडिलांच्या हातात तीस वर्षांचे कसब आहे, ते अक्षर मात्र त्यांना वाचता येत नाही. आता नवा डबा आला की तो आधी माझ्या हाती येतो. मी वाचतो, ते ऐकतात आणि मग कामाला बसतात.