हवानात वाजलेले वेल्श रॉक

१७ फेब्रुवारी २००१ रोजी क्यूबाची राजधानी हवाना येथील कार्ल मार्क्स नाट्यगृहात ‘मॅनिक स्ट्रीट प्रीचर्स’ या वेल्समधील रॉक बँडचा कार्यक्रम झाला. तिकीट होते अवघे २५ सेंट आणि प्रेक्षकांत स्वतः क्यूबाचे अध्यक्ष फिडेल कॅस्ट्रो बसले होते. वाद्यांचा आवाज फार मोठा असेल, अशी कल्पना बँडने त्यांना आधीच दिली होती. युद्धापेक्षा तर मोठा नसेल ना, असे कॅस्ट्रो त्यावर म्हणाले. कार्यक्रमाच्या चित्रफितीचे नावही पुढे त्यावरूनच पडले.

अमेरिकेने १९६२ पासून क्यूबावर व्यापारबंदी लादलेली होती. १९९१मध्ये क्यूबाचा आधार असलेला सोव्हिएत संघ कोसळल्यावर तर इंधन आणि अन्नाचीही चणचण भासू लागली. त्यातच रॉकशी क्यूबाच्या राजवटीचे फारसे कधी जमले नव्हते. १९६०च्या दशकात बीटल्सची गाणी सरकारला खपत नसत. तरुण ती लपूनछपून ऐकत. १९७९मध्ये बिली जोएलसारखे अमेरिकी कलाकार याच नाट्यगृहात गाऊन गेले, पण ते अपवादच. डिसेंबर २०००मध्ये मात्र कॅस्ट्रोंच्याच हस्ते हवानाच्या एका उद्यानात बीटल्समधील जॉन लेननच्या पुतळ्याचे अनावरण झाले. वेल्श बँड आला तो त्यानंतर जेमतेम दोन महिन्यांनी. सरकारचे मन आधी वळले, मगच हे दार उघडले, हे इथे ध्यानात घ्यायला हवे.

बँडलाही क्यूबाची ओढ होती. त्याचे सदस्य ब्लॅकवुड या कोळसा खाणींच्या परिसरातील गावचे, डाव्या विचारांत वाढलेले. त्यांच्या नव्या अल्बममधील एक गाणे पॉल रोबसन या कृष्णवर्णीय अमेरिकी गायकावर होते. अमेरिकेने पारपत्र काढून घेतल्यामुळे रोबसन १९५७मध्ये वेल्सच्या खाणकामगारांसाठी थेट टेलिफोनवरून गायले होते. सरकारने अडवलेल्या गायकाची ही आठवण हवानात नेण्यामागे बँडची कळकळ खरी होती.

तरीही कार्यक्रमावर झालेली टीका गैरलागू ठरत नाही. राज्यकर्त्याशेजारी काढलेले छायाचित्र राज्यकर्त्याच्याच कामी येते. २००३मध्ये क्यूबाने पत्रकारांसह ७५ सरकारविरोधकांना तुरुंगात टाकले. संगीताने राजवट मवाळ झाली, असे म्हणायला त्यामुळे जागा उरत नाही. रसिकांचा लाभ मात्र वेगळा मोजावा लागतो: एरवी कॅसेटवर ऐकायचे संगीत त्यांना समोर, पूर्ण आवाजात ऐकता आले.

त्यानंतर २००५मध्ये ‘ऑडिओस्लेव्ह’ हा अमेरिकी बँड हवानात उघड्यावर वाजवून गेला. मार्च २०१६मध्ये बराक ओबामांच्या भेटीनंतर काही दिवसांतच ‘रोलिंग स्टोन्स’ने तिथे विनामूल्य कार्यक्रम केला आणि लाखो लोक लोटले.