जगाला धरून ठेवणारी बुरशी : कल्पना किती, विज्ञान किती?

'स्टार ट्रेक : डिस्कव्हरी' या २०१७ साली सुरू झालेल्या मालिकेतील अवकाशयान बुरशीच्या साहाय्याने धावते. विश्वाच्या तळाशी कवकतंतूंचे एक सजीव जाळे पसरलेले आहे, त्यातून क्षणार्धात कोठेही पोहोचता येते, आणि ते जाळे मेले तर सर्व विश्वांतील जीवसृष्टी संपेल, अशी तिची कल्पना. त्यातील शास्त्रज्ञाच्या पात्राला पॉल स्टॅमेट्स या हयात अमेरिकी कवकतज्ज्ञाचेच नाव दिलेले आहे. शेषाच्या फण्यावर पृथ्वी तोललेली आहे, हे ऐकत वाढलेल्या आपल्यासारख्यांना ही कल्पना फारशी परकी वाटू नये. प्रश्न असा, की 'बुरशी विचार करते', 'झाडे बुरशीमार्फत एकमेकांशी बोलतात' अशा ज्या चित्रफिती कुटुंबांच्या गटांत आता फिरत असतात, त्यांतले खरे किती?

अळंबी किंवा कुत्र्याची छत्री हे बुरशीचे केवळ फळ. खरा जीव जमिनीखाली, केसाहून कितीतरी बारीक तंतूंच्या रूपात पसरलेला असतो. बहुसंख्य वनस्पतींच्या मुळांशी अशा तंतूंची भागीदारी असते : बुरशी पाणी, स्फुरद आणि नत्र पुरवते, वनस्पती त्या बदल्यात साखर देते. स्कॉटलंडमधील ऱ्हायनी येथे सापडलेल्या सुमारे ४० कोटी वर्षांपूर्वीच्या जीवाश्मांत ही भागीदारी दिसते. म्हणजे वनस्पतींना धड मुळे फुटण्याच्या काळातही बुरशी सोबत होती. २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या एका अंदाजानुसार वनस्पती दरवर्षी या बुरशांकडे सुमारे १३ अब्ज टन कार्बन डायऑक्साइडइतका कार्बन सोपवतात. 'वास्तव धरून ठेवणारे जाळे' हे अतिशयोक्त असले, तरी जमिनीवरची हिरवाई धरून ठेवणारे जाळे म्हणायला हरकत नाही.

झाडांच्या 'बोलण्या'ची कथा मात्र अधिक गुंतागुंतीची आहे. सुझन सिमार्ड व सहकाऱ्यांनी १९९७ साली 'नेचर'मध्ये दाखवले, की कॅनडातील बर्च आणि डग्लस फर यांच्या रोपांत कार्बनची देवाणघेवाण होते. त्यातून 'वुड वाइड वेब' हा शब्द रूढ झाला आणि पुढे 'माता-वृक्ष' आपल्या लेकरांना अन्न व इशारे पाठवतो, इथवर मजल गेली. २०२३ साली जस्टिन कार्स्ट, मेलनी जोन्स आणि जेसन होक्सेमा यांनी पुराव्यांची फेरतपासणी केली. कार्बन तंतूंतूनच गेला की मातीतून झिरपला, हे अनेक प्रयोगांत ठरवताच येत नाही आणि आप्त ओळखून मदत करण्याला प्रत्यक्ष जंगलातला पुरावा नाही, असा त्यांचा निष्कर्ष. जोन्स या १९९७च्या मूळ शोधनिबंधाच्या सहलेखिका होत्या, ही बाब मला विशेष आदरणीय वाटते.

जाणिवेचेही तसेच. ब्रिस्टल येथील अँड्र्यू अडामात्स्की यांनी २०२२ साली बुरशीतील विद्युत्-स्पंदनांची मांडणी शब्दांसारखी करून पाहिली आणि 'बुरशीचा शब्दसंग्रह पन्नासपर्यंत' अशा बातम्या जगभर झळकल्या. स्पंदने आहेत, त्यांना अर्थ आहे हे कोणी दाखवलेले नाही. शिवाय जाळे म्हणजे कृपाळूपणा असेही नव्हे. ऑरेगनमध्ये सुमारे ९.६ चौरस किलोमीटरवर पसरलेली आर्मिलेरिया ही एकच बुरशी किमान दोन हजार वर्षांची मानली जाते, आणि ती झाडांची मुळे कुजवून त्यांना मारते.

आता सनदकडे वळू. येथील रास सनदच्या चिखलात, तुबली उपसागराच्या काठी, बहारीनमधील नैसर्गिक खारफुटी उरली आहे. अरबीत 'क़ुर्म', आपल्या कोकणात 'तिवर', झाड तेच. या चिखलात प्राणवायू जवळपास नसल्याने तिवर जमिनीतून वर काढलेल्या श्वसनमुळांनी हवा घेते, आणि बुरशीलाही येथे जंगलासारखे मोकळे पसरता येत नाही. तरी गळलेल्या पानांचे अन्न करण्याचे काम बुरशी, जीवाणू आणि खेकडे मिळून करतात. त्याच अन्नावर कोळंबी आणि माशांची पिल्ले वाढतात. १९९७ मध्ये हा उपसागर रामसर यादीत गेला, पण भराव घालून त्याचे क्षेत्र त्याआधीच बरेच आकसले होते आणि पुढेही आकसत राहिले. २०३५ पर्यंत खारफुटी चौपट करण्याचा बहारीनचा संकल्प स्वागतार्ह आहे. मात्र रोपे मोजता येतात, चिखलातील अदृश्य वस्ती मोजली जात नाही, आणि जुना काठ भरावाखाली घालून नवीन काठी रोपे लावली तर हिशेब जुळल्याचे केवळ कागदावर दिसेल.

वाळवंटातले उदाहरण अधिक थेट आहे. हिवाळ्यात मनामाच्या बाजारात चढ्या भावाने विकला जाणारा 'फगा' म्हणजे वाळवंटी ट्रफल. पांढरी 'झुबैदी' आणि काळसर 'खलासी' या तिच्या परिचित जाती. बहारीनमधील तिच्या लोकपरंपरेवर मंदील व अल-लैथ यांनी २००७ साली शोधनिबंध लिहिला. अरबीत तिला मेघगर्जनेची लेक म्हणतात, कारण ती शरद ऋतूतील वळिवानंतर उगवते. गडगडाटापेक्षा महत्त्वाची आहे ती 'रक़रूक़' ही ठेंगणी झुडुपवजा वनस्पती, जिच्या मुळांशी तिची भागीदारी असते. जाणकार शोधणारा म्हणूनच आधी झुडूप शोधतो, मग वाळूला पडलेली बारीक भेग. गुरांनी रक़रूक़ खाल्ले किंवा गाड्यांनी वाळू दाबली, की पाऊस चांगला होऊनही फगा येत नाही.

आपल्या देवरायांत वाळकी काटकीही उचलायची नाही, असा दंडक अनेक गावांत होता. देवाचा कोप हे कारण सांगितले जाई. परिणाम असा, की कुजणारे लाकूड जागेवर राहिले आणि त्यावर जगणारी बुरशीही.