पान ओळखीचे, जाहिरात कोणाची?

कॅडेट मित्रांनो, सुट्टीत घरी गेलात की एक प्रयोग करून पाहा. एकाच बातमीचे पान आईच्या आणि बाबांच्या मोबाइलवर उघडा. बातमी तीच दिसेल, पण शेजारची जाहिरात बहुधा वेगळी असेल. असे का होते?

वर्तमानपत्रातली जाहिरात बातमीसोबतच छापली जाते. संकेतस्थळ मात्र बातमीबरोबर एक रिकामी चौकट आणि थोडासा कोड पाठवते. हा कोड आपल्या ब्राउझरला जाहिरातींच्या सर्व्हरकडे वळवतो. पान कोणते, शहर कोणते, फोन कोणता, आधी काय पाहिले, अशी माहिती तिकडे जाते. त्यावर संगणकच लिलाव करतात आणि बोली जिंकणाऱ्याची जाहिरात तिसऱ्याच ठिकाणाहून येऊन चौकटीत बसते. हे सारे एका सेकंदाच्या आत उरकते.

धोका इथेच आहे. ती जाहिरात संकेतस्थळाच्या माणसांनी अनेकदा पाहिलेलीही नसते. फसवणारे तपासणीच्या वेळी साधी जाहिरात दाखवतात आणि नंतर वाचकाला भलत्याच पानावर नेतात. मार्च २०१६ मध्ये न्यूयॉर्क टाइम्स आणि बीबीसीच्या पानांवरही अशा जाहिराती पोहोचल्या होत्या. जुने सॉफ्टवेअर असलेल्या संगणकांत, क्लिक न करताही, फायली कुलूपबंद करून खंडणी मागणारा प्रोग्राम घुसवण्याचा तो डाव होता.

दुसरा धोका आमिषाचा. परदेशी सट्टा कंपन्या बातम्यांच्या संकेतस्थळाचे सोंग घेऊन जाहिरात करतात, हे पाहून माहिती व प्रसारण मंत्रालयाने ऑक्टोबर २०२२ मध्ये अशा जाहिराती न दाखवण्याची सूचना केली. नोव्हेंबर २०२३ मध्ये केंद्र सरकारने २२ बेकायदा सट्टा अ‍ॅप व संकेतस्थळे बंद केली. त्यांत ज्याच्यामुळे आपल्या भिलाईचे नाव देशभर गाजले, ते ‘महादेव बुक’ही होते.

मग काय करावे? ब्राउझर आणि फोन अद्ययावत ठेवा. ‘तुमच्या फोनमध्ये व्हायरस आहे’ अशी चौकट आली तर तिच्यातले कोणतेही बटण न दाबता पान बंद करा. जाहिरातीतून अ‍ॅप उतरवू नका. बँकेचा पत्ता स्वतः टाइप करा. पैसे गेलेच, तर लाजून गप्प न बसता लगेच १९३० वर फोन करा.

फाटकावर ओळखीची गाडी आली तरी संत्री आतला माल तपासतोच. ओळखीच्या पानावरच्या जाहिरातीलाही हाच नियम लावा.