अपवाद-कलम आणि पुरातील वाहने
२३ सप्टेंबर २०२३ च्या पहाटे अतिवृष्टीने अंबाझरी तलाव ओसंडला आणि नागपूरच्या सखल वस्त्यांतील वाहने पाण्याखाली गेली. अशा प्रसंगी वाहन विम्यातील अपवाद-कलमे, म्हणजे कोणते नुकसान भरून मिळणार नाही हे सांगणाऱ्या अटी, निर्णायक ठरतात. केवळ त्रयस्थ-पक्ष विम्यात स्वतःच्या वाहनाची हानी येतच नाही. सर्वसमावेशक विम्यात पुराची हानी येते, परंतु पाण्यातले वाहन सुरू केल्याने इंजिन निकामी झाल्यास ते परिणामजन्य, म्हणजे पुरानंतरच्या कृतीतून उद्भवलेले, नुकसान मानून दावा बहुधा नाकारला जातो, म्हणून इंजिन-संरक्षणाची जोड स्वतंत्रपणे घ्यावी लागते. तथापि, अपवाद सिद्ध करण्याचा भार विमा कंपनीवरच असतो. शिवाय, ग्राहकाला न कळवलेल्या अपवाद-कलमाचा आधार तिला घेता येत नाही, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने २००० मध्येच दिला आहे.