अपंगांचे हक्क आणि न्यायालयाचे दार

बेकारी, वार्धक्य, आजार आणि विकलांगता या आपत्तींत नागरिकाला सार्वजनिक साहाय्य मिळावे, अशी व्यवस्था राज्याने आपल्या आर्थिक कुवतीनुसार करावी, असे आपल्या राज्यघटनेचा एकेचाळिसावा अनुच्छेद सांगतो. वचन उदात्त खरे; परंतु या तत्त्वांची अंमलबजावणी न्यायालयामार्फत करवून घेता येणार नाही, हेही घटनेनेच चार अनुच्छेद आधी सांगून ठेवले आहे. तेव्हा साहाय्य मिळाले तर ती सरकारची कृपा, आणि न मिळाले तर दाद मागावी कोठे?

ही कोंडी दोन बाजूंनी फुटली. ज्याचे नुकसान झाले त्यानेच फिर्याद करावी, हा न्यायालयांचा जुना दंडक. १९८० च्या सुमारास न्यायमूर्ती भगवती आणि न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांच्या पुढाकाराने तो सैल झाला. दारिद्र्यामुळे वा असहायतेमुळे ज्याला न्यायासनापर्यंत पोहोचता येत नाही, त्याच्यासाठी कोणाही सद्हेतू नागरिकाला किंवा संस्थेला याचिका करता येऊ लागली. पुढे १९९५ मध्ये संसदेने अपंगांसाठी स्वतंत्र कायदा केला. तत्त्वाला कायद्याचे शरीर लाभले, की त्याला न्यायालयात उभे करता येते.

जावेद अबिदी हे चाकांच्या खुर्चीवरून वावरणारे कार्यकर्ते. विमानभाड्यात अंधांना सवलत होती, हातापायांनी अपंग असलेल्यांना मात्र नव्हती. त्यांच्या याचिकेवर १९९८ च्या डिसेंबरात निकाल झाला आणि ऐंशी टक्के अपंगत्व असलेल्यांना इंडियन एअरलाइन्सने तीच सवलत द्यावी, असे सर्वोच्च न्यायालयाने फर्माविले.

याहून महत्त्वाचा वाद अंधांच्या राष्ट्रीय महासंघाचा. १९९५ च्या कायद्याने सरकारी नोकऱ्यांत तीन टक्के जागा राखल्या. पण तीन टक्के कशाचे? वरच्या दोन श्रेणींपुरते सरकारचे म्हणणे असे, की अपंगांना योग्य म्हणून निवडलेल्या पदांवरील रिक्त जागांचेच हे प्रमाण धरावे. समजा, एका संवर्गात हजार जागा रिक्त आहेत आणि त्यांतील शंभरच जागा अशा निवडलेल्या पदांच्या आहेत. सरकारी हिशेबाने अपंगांच्या वाट्याला तीन जागा येतात. कायद्याच्या सरळ वाचनाने तीस. एका परिपत्रकातील शब्दांच्या फेरफाराने सत्तावीस माणसांची भाकरी गेली! दिल्ली उच्च न्यायालयाने २००८ मध्ये जनहितयाचिकेवर महासंघाच्या बाजूने कौल दिला. केंद्र सरकार अपिलात गेले. ८ ऑक्टोबर २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने संवर्गातील एकूण रिक्त जागांवरच हिशेब करण्याची आज्ञा दिली. कायदा झाल्यापासून अठरा वर्षे लोटली होती. तेवढ्या काळात कित्येकांचे नोकरीचे वय उलटून गेले असेल. त्यांना हा निकाल काय देणार?

२०१६ चा नवा कायदा अधिक उदार आहे. राखीव जागा चार टक्के झाल्या, अपंगत्वाचे प्रकार एकवीस झाले. चोविसाव्या कलमाने तर असे बंधन घातले, की सामाजिक सुरक्षेच्या योजनांत अपंगांना मिळणारे साहाय्य तशाच योजनांतील इतरांपेक्षा निदान पंचवीस टक्के अधिक असावे. मात्र कायद्याखाली नियम करणारी लेखणी कचेरीत असते, हे विसरता येत नाही. सार्वजनिक इमारती आणि वाहने अपंगांना सुगम करावीत म्हणून राजीव रतुरी यांनी २००५ मध्ये याचिका केली. २०१७ च्या आदेशांचे पालन कितपत झाले, हे पाहण्याचे काम न्यायालयाने पुढे हैदराबादच्या नालसार विधी विद्यापीठातील अपंगत्व-अध्ययन केंद्राकडे सोपविले. कायदा ज्या गोष्टी सक्तीच्या करतो, त्या नियमाने केवळ शिफारशीच्या करून टाकल्या आहेत, असे ८ नोव्हेंबर २०२४ च्या निकालात न्यायालयाने म्हटले. तो पंधरावा नियम अवैध ठरविला आणि सक्तीचे नियम करण्यास तीन महिन्यांची मुदत दिली.

साध्या तक्रारीसाठी मात्र एकदम याचिकेकडे धावू नये. प्रत्येक राज्यासाठी या कायद्याखाली आयुक्ताची तरतूद आहे. त्याच्या शिफारशीवर काय केले, किंवा ती का मानली नाही, हे संबंधित खात्याने तीन महिन्यांत कळवावयाचे असते. तेथे निभाव न लागल्यास उच्च न्यायालय. गोमंतकीयांसाठी मुंबई उच्च न्यायालयाचे पीठ पर्वरीस आहे, बेळगावकरांना धारवाडचे पीठ जवळ पडते, आणि इंदूर व ग्वाल्हेर येथे तर मध्य प्रदेश उच्च न्यायालयाची पीठे गावातच आहेत. अर्ज, त्याची पोच आणि कचेरीचे लेखी उत्तर ही कागदपत्रे मात्र पहिल्या दिवसापासून जपून ठेवावीत.