मॅलॉकची सनद

संपादकांनी माझ्याकडे मागितला होता तो व्हॅलग्रिंड या तपासनीस सॉफ्टवेअरचा समग्र परिचय. परंतु त्याचे दप्तर चाळता चाळता एका लहानशा फाइलीपाशी मी जो थांबलो, तो तिथेच रेंगाळलो. इतिहास थोडक्यात सांगता येतो. बीझिप-२ चे कर्ते ज्युलियन सेवर्ड यांनी २००२ साली व्हॅलग्रिंड प्रसिद्ध केले, निकोलस नेदरकोट यांच्या केंब्रिजमधील संशोधनाने त्याला व्यापक चौकट दिली, आणि नाव घेतले ते नॉर्स पुराणातील वाल्हालाच्या महाद्वाराचे.

सी भाषेत लिहिलेला प्रोग्राम मॅलॉक या फंक्शनकडे मेमरी मागतो आणि काम झाले की फ्री या फंक्शनकरवी ती परत करतो. ही दोन्ही फंक्शने लिनक्सवर लिबसी नामक सामायिक लायब्ररीत नांदतात, आणि यंत्रावरील बहुतेक सर्व प्रोग्राम त्या एकाच फाइलीवर विसंबून असतात. परत केलेल्या जागेवर पुन्हा लिहिणे, हद्दीबाहेरचे वाचणे, असे गुन्हे त्या क्षणी कुणाच्याही नजरेस येत नाहीत. प्रोग्राम कोसळतो तो पुष्कळ नंतर आणि भलत्याच ठिकाणी.

इथे व्हॅलग्रिंडमधील मेमचेक या मेमरी तपासणाऱ्या साधनाची ती लहानशी फाइल कामास येते. प्रोग्राम सुरू होताना कोणत्या लायब्ऱ्या आधी आणावयाच्या याचा हुकूम एलडी-प्रीलोड या मार्गाने लोडरला देता येतो, आणि त्या हुकमान्वये ही फाइलही आत येते. तिच्यातील फंक्शनला नुसते ‘मॅलॉक’ म्हणवून घेता येत नाही. कोणत्या लायब्ररीतील कोणत्या फंक्शनची जागा आपण घेणार, याची संपूर्ण सनद त्याच्या नावातच कोरलेली असते. सी भाषेतील नावात बिंदू आणि तारका यांना मज्जाव, म्हणून बिंदूच्या जागी झेड-डी, तारकेच्या जागी झेड-ए, आणि खुद्द झेड लिहावयाचा तर तो दोनदा. व्हॅलग्रिंडचा गाभा प्रत्येक लायब्ररीची नामावळी वाचतो, सनद पडताळतो, आणि मूळ मॅलॉककडे निघालेली प्रत्येक हाक या नव्या मॅलॉककडे वळवितो. इतकी मोठी व्यवस्था केवळ नावाच्या लेखनपद्धतीवर तोलून धरलेली पाहून मी थक्क झालो.

यानंतरचा कारभार अत्यंत दक्ष असतो. दिलेल्या प्रत्येक तुकड्याच्या दोन्ही अंगांस १६ बाइटांची निषिद्ध पट्टी राखली जाते; परत आलेला तुकडा लगेच दुसऱ्यास न देता, अशा तुकड्यांची बेरीज २ कोटी बाइटांवर जाईपर्यंत, अटकेत ठेवला जातो, म्हणजे त्याला पुन्हा कुणी हात लावला की तो कुणी घेतला होता आणि कुणी सोडला होता, हे साद्यंत सांगता येते. याची किंमत म्हणून प्रोग्राम २० ते ३० पट मंदावतो. ती मला रास्त वाटते.

परंतु नावावर उभी असलेली ही व्यवस्था नाव हरवले की पंगू होते. लिबसी प्रोग्रामच्या पोटातच कायमची जोडून टाकलेली असेल, तर जिच्या नावे सनद काढावी ती लायब्ररीच उरत नाही, आणि वेगळी सूचना दिल्यावाचून मॅलॉक ओळखू येत नाही. खुद्द लोडरमधील स्ट्रलेन हे फंक्शन वेगासाठी शब्दाच्या अंतापलीकडचेही बाइट वाचते, म्हणून खोट्या तक्रारी टाळण्यास तेही बदलावे लागते. पण जागा वाचविण्यासाठी लोडरमधील नावे पुसलेली असली, तर व्हॅलग्रिंड आरंभीच काम नाकारते.

याहून मला अस्वस्थ करते ती त्याच्या खऱ्या साक्षीची कथा. मूल्य न भरलेली मेमरी वापरली जात असल्याची त्याची तक्रार शमविण्यासाठी २००६ साली डेबियन या लिनक्स वितरणात ओपनएसएसएल या गूढलेखनाच्या लायब्ररीच्या दोन ओळी बाद करण्यात आल्या. तक्रार खरी होती, आणि एक ओळ जाण्याने काही बिघडलेही नसते. परंतु गुप्त किल्ल्या घडविण्यास लागणाऱ्या यादृच्छिकतेचे सारे द्रव्य दुसऱ्या ओळीवाटेच आत येत होते. उरला तो केवळ प्रोसेसचा क्रमांक, सामान्यतः ३२,७६८ च्या आतला. ओपनएसएसएल हीही सामायिक लायब्ररीच असल्याने तिचा दोष तिच्यावर विसंबलेल्या प्रत्येक प्रोग्रामच्या वाट्यास आला, आणि मे २००८ मध्ये तो उघडकीस आल्यावर मधल्या काळात तिच्या साहाय्याने घडविलेल्या गुप्त किल्ल्या रद्द करून नव्याने घडवाव्या लागल्या.