ग्वाल्हेरचा गुलाम अमीर

गुलामगिरीचा पाठ शिकविताना रोमचा स्पार्टाकस हमखास येतो. इ. स. पू. ७३ मध्ये कापुआ येथील तालमीतून सत्तरएक ग्लॅडिएटर निसटले व हजारो गुलाम त्यांना मिळाले. दोन वर्षांनी बंड मोडले आणि ६,००० कैद्यांना कापुआ–रोम रस्त्यावर क्रूसावर चढविण्यात आले.

दुसरे उदाहरण ग्वाल्हेरचेच आहे. ऐबकाने विकत घेतलेला गुलाम इल्तुतमिश या किल्ल्याचा अमीर झाला. पुढे त्याला मुक्त करण्यात आले, तो दिल्लीचा सुलतान बनला आणि मध्यंतरी हातचा गेलेला ग्वाल्हेर त्याने १२३२ मध्ये परत जिंकला. ही हकीकत लिहिणारा मिन्हाज-ए-सिराज त्याच वर्षी येथील काझी नेमला गेला.

‘ममलूक’ म्हणजे मालकीत असलेला. अशा लष्करी गुलामाच्या हाती मालकच शस्त्र व अधिकार देई. स्पार्टाकसला मात्र शस्त्र हिसकावून घ्यावे लागले. तथापि इल्तुतमिशच्या भाग्यावरून गुलामगिरी सौम्य होती असा निष्कर्ष काढणे चुकीचे ठरेल. बाजारात विकल्या गेलेल्या बहुसंख्य दास-दासींना ना बंड करता आले, ना तख्त मिळाले. दोन्ही नावे शिकविताना या निनावी माणसांचा प्रश्न वर्गात अवश्य विचारला जावा.